ऐतिहासिक मालिका, मराठी

इतिहासातील व्यक्ती व प्रसंग यांवर रचलेले आणि दूरचित्रवाणीवरून क्रमशः दाखविले जाणारे मराठी नाट्य. पोवाडा, बखर, ऐतिहासिक नाटक, ऐतिहासिक कादंबरी आणि बोलपट या पूर्वपरंपरांतून ही मालिका घडत आली. तिचे बहुतेक कथानक शिवकाल, संभाजी–राजाराम यांचा काल व पेशवाई या तीन कालखंडांतून घेतलेले असते. स्वामिनिष्ठा आणि फितुरी हे तिचे दोन मुख्य विषय होत. सूड हा विषय तिच्यात वारंवार डोकावतो. परंतु जगातील इतर देशांच्या ऐतिहासिक नाट्यांत, विशेषतः जपानी नाट्यात, त्याला जे मध्यवर्ती स्थान आहे, ते मराठीत त्यास लाभलेले नाही. हा फरक केवळ अभिरुचीचा नाही. त्याची मुळे मराठी समाजातील वतनसंस्थेत व ऐतिहासिक साधनांच्या स्वरूपात आढळतात.

जपानी नाट्याशी तुलना : जपानमध्ये ऐतिहासिक नाट्यास ‘जिदाइगेकी’ अशी संज्ञा आहे. तेथील एनएचके या सार्वजनिक प्रसारणसंस्थेने १९६३ पासून दर रविवारी एक भाग याप्रमाणे वर्षभर चालणाऱ्या ऐतिहासिक मालिकांची प्रथा सुरू केली. त्यांना ‘ताइगा’ म्हणजे ‘महानद’ मालिका म्हणतात. या क्रमातील दुसरी मालिका आको रोशी (१९६४) ही ओसारागी जिरो याच्या कादंबरीवर आधारलेली होती आणि तीत हासेगावा काझुओ या नटाने ओइशी कुरानोसुके याची भूमिका केली. तिच्या एका भागाला मिळालेला प्रेक्षकवर्ग पन्नास टक्क्यांहून अधिक होता. कथानक जपानात पिढ्यान्‌पिढ्या परिचित असलेले, म्हणजे आको येथील सत्तेचाळीस सामुराईंचे. १७०१ मध्ये आकोचा सरदार आसानो नागानोरी याने एदो येथील शोगुनच्या वाड्यात किरा योशिनाका या दरबारी अधिकाऱ्यावर शस्त्र उपसले. वाड्यात शस्त्र उपसणे हा गुन्हा असल्याने त्याच दिवशी आसानोस आत्मवधाची (सेप्पुकु) आज्ञा झाली व त्याची जहागीर खालसा करण्यात आली. किरास मात्र कोणतीच शिक्षा झाली नाही. धनी गमावलेल्या सामुराईंना ‘रोनिन’ म्हणत. ओइशीच्या नेतृत्वाखाली अशा सत्तेचाळीस रोनिनांनी सुमारे पावणेदोन वर्षे संधीची वाट पाहिली आणि जानेवारी १७०३ मध्ये, जपानी पंचांगाप्रमाणे गेन्‌रोकु १५ च्या बाराव्या महिन्यातील चौदाव्या दिवसानंतरच्या रात्री, किराच्या वाड्यावर हल्ला करून त्याचा वध केला. त्याचे शिर त्यांनी सेंगाकुजी येथील धन्याच्या थडग्यापुढे ठेवले व ते स्वतः अधिकाऱ्यांच्या स्वाधीन झाले. पुढे त्यांपैकी शेहेचाळीस जणांनी आज्ञेनुसार सेप्पुकु केले.

या प्रसंगावरील कानादेहोन चूशिन्‌गुरा हे बाहुलीनाट्य १७४८ मध्ये ओसाका येथे झाले आणि लगेच काबुकी रंगभूमीने ते स्वीकारले. सरकारी नियंत्रणामुळे नाटककारांना घटना चौदाव्या शतकात नेऊन पात्रांची नावे बदलावी लागली. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकन लष्करी प्रशासनाने सूडाची नाटके काही काळ बंद ठेवली, त्यांत हेही नाटक होते. १९४७ मध्ये त्यावरील बंदी उठली. सूडाच्या नाट्याला राज्यकर्ते भितात, हा अनुभव महाराष्ट्राला नवा नाही. कृ. प्र. खाडिलकर यांचे कीचकवध (१९०७) पौराणिक होते; तरी लॉर्ड कर्झनच्या कारभाराचे रूपक त्यात दिसल्याने ब्रिटिश सरकारने १९१० मध्ये ते बंद केले.

रोनिनांचे कृत्य योग्य होते की नव्हते, यावर खुद्द जपानी विद्वानांत त्या काळी तीव्र वाद झाला. ओग्यू सोराई या कन्फ्यूशियन पंडिताने असे प्रतिपादन केले, की धन्याविषयीची निष्ठा ही खाजगी बाब होय व राज्याचा कायदा त्याहून वरचा. सबब त्यांना शिक्षा व्हावी, परंतु ती सामुराईंना शोभणारी असावी. लोकांनी मात्र हा वाद रंगभूमीपुरता कधीच निकालात काढला. त्यांच्या दृष्टीने कथा सूड पुरा झाल्यावर आणि सूड घेणाऱ्यांनी मरण पत्करल्यावरच संपते. कर्तव्य (गिरी) आणि मानवी भावना (निंजो) यांतील ताण त्या एका रात्रीत मोकळा होतो व प्रेक्षक समाधानाने उठतो. मराठी ऐतिहासिक नाट्यात अशी रात्र नाही.

पूर्वपरंपरा : अज्ञानदासाचा अफजलखानवधाचा व तुळशीदासाचा सिंहगडाचा, हे पोवाडे मराठी ऐतिहासिक कथनाचे आद्य नमुने समजले जातात. विनायक जनार्दन कीर्तने यांचे थोरले माधवराव पेशवे (१८६१) हे मराठीतील पहिले महत्त्वाचे स्वतंत्र ऐतिहासिक नाटक. त्यानंतर खाडिलकरांचे भाऊबंदकी (१९०९), वि. ह. औंधकरांचे बेबंदशाही (१९२४), वसंत कानेटकरांची रायगडाला जेव्हा जाग येते (१९६२) व इथे ओशाळला मृत्यू (१९६८) ही नाटके गाजली. या नाटकांची नावेच त्यांचा विषय सांगतात. घर फुटणे, भाऊ भावावर उठणे, बाप व मुलगा यांत अंतर पडणे हे त्यांचे आशयसूत्र आहे. शत्रू पडद्यामागे असतो. रंगमंचावर आपलीच माणसे असतात. बोलपटांनी प्रभातच्या सिंहगड (१९३३) पासून पराक्रमाला अधिक जागा दिली. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि पुढील दशकात मालिका हा प्रकार रुजू लागला, तेव्हा तिने आदर्श म्हणून घेतला तो मुख्यतः नाटकाचा व कादंबरीचा, बोलपटाचा नव्हे.

वतन व निष्ठा : तोकुगावा काळातील सामुराई जमिनीपासून तुटलेला होता. तो धन्याच्या किल्ल्याभोवतीच्या नगरात राही आणि त्याला धान्याच्या मापात, ‘कोकू’मध्ये, ठरलेला तनखा मिळे. आको ही सुमारे ५० हजार कोकू उत्पन्नाची जहागीर होती. ती खालसा होताच तिच्यावर पोसलेले सर्वजण निराधार झाले. धनी गेला की सर्वस्व गेले, अशी ती व्यवस्था होती. मराठा देशमुख वा देशपांडे यांची स्थिती याच्या उलट होती. त्याचे वतन वंशपरंपरागत असून निजामशाही गेली, आदिलशाही आली, मोगल आले तरी ते टिकविणे हे त्याच्या घराण्याचे पहिले कर्तव्य समजले जाई. राज्यकर्ता बदलला की नव्या राज्यकर्त्याकडून वतनाची सनद करून घेणे, यात त्या काळी कोणासही लाज वाटत नसे. एका घरातील एक भाऊ एका पक्षाकडे व दुसरा दुसऱ्या पक्षाकडे असणे, ही तर एक प्रकारची तजवीजच होती. शिवाजी महाराजांनी या व्यवस्थेत राहणाऱ्या माणसांकडून स्वराज्याविषयीच्या निष्ठेची मागणी केली. तीत मराठी ऐतिहासिक नाट्याचा मूळ पेच आहे.

कान्होजी जेधे यांचा प्रसंग या दृष्टीने मार्मिक आहे. १६५९ मध्ये अफजलखान चालून आला, तेव्हा खानाकडे रुजू होण्याविषयी आदिलशाही फर्मान मावळातील देशमुखांना गेले. कान्होजी आपल्या पाच पुत्रांसह शिवाजी महाराजांकडे आले आणि वतनावर पाणी सोडून त्यांनी निष्ठेची शपथ दिली. खंडोजी खोपडे हे खानाकडे गेले. खान मारला गेल्यावर जेध्यांनी खोपड्यांसाठी रदबदली केली. महाराजांनी त्यांचा प्राण राखला, परंतु एक हात व एक पाय तोडविला. मालिकांतून जेध्यांचा त्याग नेहमी दाखविला जातो. खोपड्यांसाठी शब्द टाकणारे जेधे मात्र फारसे दिसत नाहीत. वस्तुतः नाट्य तेथे अधिक आहे. कारण वतनदाराने फितुरास वाचवावयास जाणे ही शेजारधर्माची गोष्ट होती, आणि ती महाराजांनी अर्धीच मानली.

धन्याने पित्याचा वध केला असता पुत्राने काय करावे, हा प्रश्न कोणत्याही सामुराईकथेला शोभण्यासारखा आहे. खंडो बल्लाळ चिटणीस यांच्या चरित्रात तो प्रत्यक्ष उभा राहिला. त्यांचे वडील बाळाजी आवजी हे शिवाजी महाराजांचे चिटणीस. १६८१ मध्ये कटात सामील असल्याच्या संशयावरून संभाजी महाराजांनी त्यांस हत्तीच्या पायी दिले. येसूबाईंच्या मध्यस्थीने खंडो बल्लाळांना चिटणिशी मिळाली आणि त्यांनी ती निष्ठेने केली. गोव्याच्या मोहिमेत (१६८३) खाडीच्या पाण्यातून धन्याचे प्राण त्यांनी वाचविले, अशी कथा आहे. पुढे जिंजीच्या वेढ्यातून राजाराम महाराजांची सुटका करावयाची होती, तेव्हा मोगलांच्या छावणीत असलेल्या गणोजी शिर्के यांचे साहाय्य आवश्यक झाले. शिर्क्यांनी दाभोळचे वतन मागितले. हे वतन खंडो बल्लाळांकडे होते. ते त्यांनी लिहून दिले व राजाराम महाराज निसटले. पित्याचा वध विसरून धन्याच्या पुत्रपौत्रांची सेवा करणारा आणि अखेरीस धन्यासाठी वतनही सोडणारा हा पुरुष मराठी नाट्याच्या दृष्टीने ओइशीच्या तोडीचा आहे. परंतु तो सूड घेत नाही, सूड गिळतो. येथे एक सावधगिरी आवश्यक ठरते. ही हकीकत तपशिलाने सांगणाऱ्या बखरीचा कर्ता मल्हार रामराव चिटणीस हा याच घराण्यातील असून त्याने सव्वाशे वर्षांनंतर लेखन केले. पूर्वजाचे चित्र त्याने उजळ रंगात रेखाटले असेल, हे गृहीत धरूनच ती वाचावी लागते.

यवतमाळ जिल्ह्यातील भाम : स्वामिनिष्ठा व रक्ताचे नाते यांतील संघर्षाचे एक उदाहरण वऱ्हाडाच्या इतिहासात आहे. मालिकाकारांचे लक्ष पुणे–सातारा–रायगड या टापूबाहेर क्वचितच जात असल्याने ते अपरिचित राहिले. सातारकर शाहू महाराजांनी परसोजी भोसले यांस सेनासाहेबसुभा हे पद दिले होते. त्यांच्यानंतर ते कान्होजी भोसले यांच्याकडे आले. कान्होजींचे ठाणे सध्याच्या यवतमाळ जिल्ह्यातील भाम येथे होते. नात्याने पुतण्या असलेले रघूजी हे काही काळ कान्होजींच्या आश्रयास होते. कान्होजींना अपत्य नसल्याने वारसा आपल्याकडे येईल, अशी रघूजींची अपेक्षा असावी. परंतु कान्होजींना पुत्र झाला व दोघांत अंतर पडले. रघूजी देवगडचा गोंड राजा, एलिचपूरचा नबाब अशा ठिकाणी नोकरी करून अखेर साताऱ्यास आले. तेथे शाहूंची त्यांच्यावर मर्जी बसली. महाराजांनी आपल्या शिर्के घराण्यातील राणीची बहीण त्यांना देऊन त्यांना साडू करून घेतले.

दरम्यान कान्होजी हिशेब देण्यात टाळाटाळ करू लागले आणि निजामाशी त्यांचे संधान असल्याचा संशय आला. १७३० च्या सुमारास शाहूंनी त्यांच्यावर पाठविले ते रघूजींनाच. रघूजींनी भामला वेढा दिला. कान्होजी तेथून निसटले. परंतु वणीजवळ मंदर येथे लढाई होऊन ते पकडले गेले. त्यांना साताऱ्यास नेण्यात आले व त्यांचे उरलेले आयुष्य कैदेत गेले. सेनासाहेबसुभा हे पद पुढे रघूजींकडे आले आणि त्यांतून नागपूरकर भोसल्यांचे मोठे राज्य उभे राहिले.

ज्याने वाढविले त्या चुलत्यास धन्याच्या आज्ञेने धरून आणणे, ही निष्ठा म्हणावी की वारसा हुकल्याचा सूड ? साधनांवरून दोन्ही अर्थ संभवतात. बहुधा दोन्ही एकाच वेळी खरे असावेत. छत्रपतींच्या आज्ञेमुळे रघूजींच्या जुन्या रागाला कायदेशीर वाट मिळाली, आणि छत्रपतींनीही तो राग ओळखूनच त्यांची निवड केली असावी. मराठी इतिहासातील सूड असा आज्ञापत्राच्या आड उभा असतो. भाम हे स्थळ पुढे उजाड झाले.

उघड सूड आणि त्याची किंमत : सूड उघडपणे घेतला गेल्याचे ठळक उदाहरण सेनापती संताजी घोरपडे यांच्या वधाचे आहे. दोड्डेरी येथे कासिमखानास (१६९५) आणि बसवपट्टण येथे हिंमतखानास (१६९६) धुळीस मिळविणाऱ्या या सेनानीचे राजाराम महाराजांशी व धनाजी जाधवांशी वितुष्ट आले. धनाजींबरोबरच्या संघर्षात त्यांनी अमृतराव निंबाळकर यास पकडून हत्तीच्या पायी दिले. अमृतरावाची बहीण म्हसवडच्या नागोजी माने यांची पत्नी होती. तिच्या आग्रहावरून नागोजींनी संताजींचा पाठलाग केला व जून १६९७ मध्ये, शंभुमहादेवाच्या डोंगराळ भागात, ते एकटे व बेसावध असता त्यांचा वध केला, असे परंपरा सांगते. कुटुंबधर्माच्या दृष्टीने नागोजी हे रोनिनांहून निराळे नाहीत. त्यांनीही आपल्या माणसाच्या रक्ताचा बदला घेतला. तरीही मराठी मनाने त्यांना कधी वीर मानले नाही. सूड पुरा झाला आणि स्वराज्याचा सर्वांत समर्थ सेनापती गेला, एवढाच अर्थ त्या घटनेस मिळाला. जपानी कथेत किराच्या वधाने राज्याचे काही बिघडत नाही. येथे प्रत्येक सूड वेढ्यात सापडलेल्या घरात घेतला जातो, हे त्यामागील कारण होय.

नारायणरावांचा वध व बारभाई : धन्याच्या खुनानंतर त्याचे सेवक एकत्र येतात, ही चूशिन्‌गुराची चौकट मराठी इतिहासात एकदा अगदी जवळून जुळते. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा गारद्यांनी वध केला. चुलते रघुनाथराव पेशवे झाले. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांनी चौकशी करून रघुनाथरावांना दोषी ठरविले, त्यांच्या तोंडावर देहान्त प्रायश्चित्ताचा निर्णय सांगितला आणि ते दरबार सोडून गेले. सखारामबापू बोकील, नाना फडणीस, हरिपंत फडके आदींनी बारभाईंचे कारस्थान रचले. नारायणरावांची गरोदर पत्नी गंगाबाई हिला त्यांनी पुरंदरावर सुरक्षित नेले. १८ एप्रिल १७७४ रोजी तिला पुत्र झाला व चाळिसाव्या दिवशी सवाई माधवरावांना पेशवाईची वस्त्रे मिळाली.

बारभाईंनी प्रतीक्षा केली, गुप्तता राखली, प्राण पणाला लावले. परंतु त्यांचे सर्व प्रयत्न मारेकऱ्याचे शिर आणण्यासाठी नसून गादीचा वारस जगविण्यासाठी होते. हाती लागलेल्या गारद्यांना पुढे देहदंड झाला. रघुनाथराव इंग्रजांकडे गेले. सुरतेचा तह (१७७५), पहिले इंग्रज–मराठा युद्ध व सालबाईचा तह (१७८२) इतके सारे होऊन ते कोपरगाव येथे १७८३ मध्ये नैसर्गिक मृत्यूने वारले. नाटककारास हा शेवट गैरसोयीचा आहे. म्हणून खाडिलकरांनी भाऊबंदकीत नाट्याचा कळस रामशास्त्र्यांच्या निर्णयावर आणला. प्रेक्षकाला तलवारीऐवजी वाक्य मिळाले आणि त्याने ते मान्य केले. ओग्यू सोराईचा युक्तिवाद जपानी रंगभूमीवर हरला. त्याच आशयाचा रामशास्त्री मराठी रंगभूमीवर नायक झाला. प्रभातच्या रामशास्त्री (१९४४) या बोलपटाने त्याला घराघरांत नेले. त्यात रामशास्त्र्यांची भूमिका गजानन जागीरदार यांनी केली होती.

स्वामी मालिका : याच जागीरदारांनी उतारवयात, १९८७ च्या सुमारास, दूरदर्शनसाठी स्वामी ही मालिका दिग्दर्शित केली. रणजित देसाई यांच्या याच नावाच्या कादंबरीवर (१९६२; साहित्य अकादेमी पुरस्कार, १९६४) ती आधारलेली असून रवींद्र मंकणी यांनी माधवरावांची व मृणाल देव (नंतरच्या कुलकर्णी) यांनी रमाबाईंची भूमिका केली. पानिपतानंतर सोळाव्या वर्षी पेशवा झालेला तरुण, त्याच्या अधिकारावर कुरघोडी करू पाहणारा चुलता, राक्षसभुवनचा विजय (१७६३), धोडपची लढाई व चुलत्याची नजरकैद (१७६८) आणि थेऊर येथे क्षयाने आलेला मृत्यू (१८ नोव्हेंबर १७७२) असा तिचा पट आहे. लढाया तीत अल्प आहेत. साधनांच्या कमतरतेमुळे त्या टाळल्या गेल्या असतील. परंतु त्यामुळे मालिकेला लाभच झाला. बंद दालनातील संभाषणे, देवघर, आजारपण यांतून निष्ठेचा ताण व्यक्त झाला. माधवराव चुलत्याला पुनःपुन्हा क्षमा करतात आणि प्रेक्षकाला ठाऊक असते, की या क्षमेची किंमत धाकट्या भावाला मोजावी लागणार आहे. कथानक नारायणरावांच्या वधापूर्वीच संपते. तरी त्याची छाया सर्वत्र पडलेली असते.

खाजगी वाहिन्यांवरील मालिका : हिंदीत संजय खान यांच्या द ग्रेट मराठा (१९९४) या मालिकेने महादजी शिंदे यांना नायक केले. दत्ताजी शिंदे बुराडी घाटावर जानेवारी १७६० मध्ये पडले. पुढे १७७२ मध्ये मराठ्यांनी नजीबखानाच्या मुलखात पत्थरगड जिंकून त्याच्या कबरीची नासधूस केली. या दोन घटनांना जोडणारे सूडाचे सूत्र हिंदी मालिकेस सोयीचे वाटणे स्वाभाविक होते. मराठीत स्टार प्रवाह वाहिनीवरील राजा शिवछत्रपती (२००८) व झी मराठीवरील स्वराज्यरक्षक संभाजी (२०१७–२०) या मालिकांनी मोठा प्रेक्षकवर्ग मिळविला. दोहोंत प्रमुख भूमिका अमोल कोल्हे यांची होती. सोनी मराठीवरील स्वराज्यजननी जिजामाता व स्वराज्य सौदामिनी ताराराणी या मालिकांनी राजस्त्रियांना केंद्रस्थानी आणले.

ताइगा मालिका आठवड्यातून एकदा व वर्षभरच चालते. मराठी मालिका बहुधा आठवड्यातून पाच-सहा दिवस येते आणि तिचा भाग जाहिराती वगळता वीस-बावीस मिनिटांचा असतो. हा वेळ भरावयाचा कशाने, याचे उत्तर कौटुंबिक मालिकेने आधीच देऊन ठेवले होते. त्यामुळे राजवाड्यातील सवतीमत्सर, दाराआडून ऐकणे, पत्र चुकीच्या हाती पडणे यांना अवाजवी विस्तार मिळाला. सोयराबाई व आनंदीबाई या अशा विस्ताराच्या मुख्य बळी होत. आनंदीबाईंनी ‘ध’चा ‘मा’ केला, म्हणजे ‘धरावे’चे ‘मारावे’ केले, या लोकप्रिय कथेला भक्कम समकालीन आधार नाही. तरी नाट्यदृष्ट्या ती इतकी सोयीची आहे, की तिचा मोह सोडणे लेखकास जड जाते. या मालिकांचे श्रेयही नाकारता येणार नाही. मोगलांशी झालेला सत्तावीस वर्षांचा संघर्ष, कवी कलश, हंबीरराव मोहिते, येसूबाई ही नावे नव्या पिढीच्या बोलण्यात आली ती त्यांच्यामुळेच.

फितुरीचा आरोप व त्याचा पुरावा : संभाजी महाराज १ फेब्रुवारी १६८९ रोजी संगमेश्वर येथे मुकर्रबखानाच्या हाती सापडले आणि ११ मार्च रोजी कवी कलशांसह त्यांचा क्रूरपणे वध झाला. त्यांना पकडून कोणी दिले ? नाटक, कादंबरी व मालिका यांतून गणोजी शिर्के यांचे नाव ठामपणे घेतले जाते. १६८८ मध्ये शिर्के व कवी कलश यांत कलह झाला, कलशांना खेळण्यास (विशाळगडास) आश्रय घ्यावा लागला व संभाजी महाराजांनी येऊन शिर्क्यांशी लढाई केली, एवढे जेधे शकावलीवरून दिसते. शिर्के पुढे मोगलांकडे होते, हेही खरे. परंतु संगमेश्वरची वाट त्यांनीच दाखविली की काय, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. शिवाजी सावंत यांच्या कादंबरीवरील छावा (२०२५) या हिंदी चित्रपटाच्या वेळी शिर्के घराण्याच्या वंशजांनी या चित्रणास हरकत घेतली आणि दिग्दर्शकाने दिलगिरी व्यक्त केली.

हा प्रश्न मालिकांच्या संदर्भात अधिक गंभीर होतो. नाटकातील फितूर तीन तासांत विसरला जातो. मालिकेतील फितूर रोज संध्याकाळी महिनोन्‌महिने घरात येतो, आणि त्याचे आडनाव गावातील चालत्या-बोलत्या माणसांचे असते. जपानातही अशी एक बाजू आहे. सध्याच्या आइची प्रांतातील किरा या गावी, म्हणजे खलनायक ठरलेल्या किरा योशिनाकाच्या मूळ जहागिरीत, त्याची आठवण बंधारे बांधणारा प्रजाहितदक्ष धनी अशीच राखली गेली आहे. तेथे चूशिन्‌गुराचे प्रयोग दीर्घकाळ अप्रिय होते. गणोजी शिर्क्यांच्या बाबतीत जिंजीच्या सुटकेचा उपरोल्लिखित प्रसंग दाखविला जातो की नाही, यावर मालिकेची प्रामाणिकता बरीचशी अवलंबून राहते. एकाच माणसाने एका छत्रपतीशी वैर केले व दुसऱ्यास वाट करून दिली. दोन्ही वेळी त्याच्या मनात वतन होते. ते त्याच्या काळाच्या रीतीस धरून होते.

कथानकाचा शेवट : आपल्या मालिका कोठे थांबतात, हेही लक्षणीय आहे. राज्याभिषेक, तुळापूरचे बलिदान, थेऊरचा मृत्यू ही नेहमीची स्थानके होत. औरंगजेबाचा मृत्यू (१७०७) हा खरा तर सर्व सूडांचा शेवट ठरावा. पण तो अहमदनगरजवळच्या छावणीत, अंथरुणावर, म्हातारपणाने झाला. पेशवाईच्या अखेरीस निष्ठेचा प्रश्न पुन्हा एकदा, आणि अधिक कठोरपणे, उपस्थित झाला. रघुनाथरावांचे पुत्र दुसरे बाजीराव हे धनी म्हणून दुबळे होते, तरी बापू गोखले त्यांच्यासाठी आष्टी येथे २० फेब्रुवारी १८१८ रोजी लढता लढता पडले. त्यानंतर नागपूरकर आप्पासाहेब भोसल्यांच्या साहाय्यास जाण्याच्या हेतूने बाजीराव चांद्याच्या दिशेने निघाले. वर्धा नदीवर इंग्रजी फौजांनी वाट अडविल्यामुळे ते सध्याच्या यवतमाळ जिल्ह्यातील वणी–पांढरकवडा भागात मागे फिरले आणि शिवणी येथे १७ एप्रिल १८१८ रोजी कर्नल ॲडम्सने त्यांच्या सैन्याची दाणादाण उडविली. अनेक सरदार त्यांना सोडून गेले. काही अखेरपर्यंत राहिले. ३ जून १८१८ रोजी बाजीरावांनी माल्कमकडे शरणागती पत्करली व बिठूरचा तनखा स्वीकारला. राज्य मिळावे म्हणून रघुनाथरावांनी जे केले त्याचा शेवट अशा रीतीने झाला. आणि तो घडला त्या प्रदेशात रघूजींनी कान्होजींना धरले ते मंदर गावही आहे.